निजामाच्या बाजूने पॅरिसला गेलेला आमचा पुढारी

बी. श्यामसुंदर यांच्या आयुष्याचा जमाखर्च

दर वर्षी १७ सप्टेंबरला मराठवाड्यातल्या गावागावांत झेंडावंदन होते. परभणी जिल्ह्यातल्या गंगाखेड तालुक्याच्या राणीसावरगावातही होते. मराठवाडा मुक्तिसंग्रामाचा तो दिवस. गुरुजी भाषण करतात, स्वामी रामानंद तीर्थांचे नाव घेतात, रझाकारांच्या जुलमाची आठवण सांगतात. मुले टाळ्या वाजवून घरी येतात. अशा वेळी आपल्या वस्तीतल्या एखाद्या मुलीने आजोबांना विचारले, "आजोबा, तेव्हा आपली माणसं कुणाच्या बाजूला होती?" तर आजोबांनी काय सांगावे?

हा प्रश्न सोपा नाही. म्हणूनच आपल्याकडे त्यावर फारसे कोणी बोलत नाही. आम्ही आज त्यावरच लिहायचे ठरवले आहे. त्यासाठी आपल्याच मराठवाड्यात जन्मलेल्या एका पुढाऱ्याचे आयुष्य वाचकांपुढे ठेवतो. त्याचे नाव बी. श्यामसुंदर. त्याची जयंती आपल्या वस्त्यांतून होत नाही, त्याचा फोटो कुणाच्या भिंतीवर दिसत नाही. पण त्याने आणि त्याच्या सोबत्यांनी जे केले त्याची किंमत गावकुसाबाहेरच्या घरांनी मोजली, आणि त्यातल्याच एका कामाचे फळही त्याच घरांतल्या मुलांना मिळाले.

मोगलाईतले दिवस

परभणी जिल्हा १९४८ पर्यंत निजामाच्या हैदराबाद संस्थानात होता. जुनी माणसे त्या काळाला 'मोगलाई' म्हणतात. राजा मुसलमान, कचेरीची भाषा उर्दू, आणि गावात मात्र सत्ता पाटील, कुलकर्णी, देशमुखांची. महार, मांग, चांभार यांच्या वाट्याला निजाम फार लांबून येई. रोज दारात येई तो वेठबिगारीचा हुकूम. मेलेले ढोर ओढायचे, सरकारी सामान डोक्यावर वाहायचे, सांगावा घेऊन दुसऱ्या गावाला पळायचे, आणि बदल्यात दारोदार भाकरी मागायची. शाळा होत्या थोड्या. त्यातही आपले पोर बसले तर दाराबाहेर.

राजकीय हक्कांचे तर नावच नव्हते. १९२९ च्या सुमारास संस्थानाने एक गश्ती काढली होती. तिचा क्रमांक त्रेपन्न. सरकारच्या परवानगीशिवाय जाहीर सभा घ्यायची नाही, असा तिचा अर्थ. ज्या राज्यात सवर्ण हिंदूलाही सभा घेण्यासाठी हात जोडावे लागत, तिथे अस्पृश्यांची काय कथा! तरीही माणसे उठली. ३० डिसेंबर १९३८ रोजी कन्नडजवळ मक्रणपूर येथे मराठवाड्यातील अस्पृश्यांची परिषद भरली. डॉ. बाबासाहेब आंबेडकर तिला आले होते. भाऊसाहेब मोरे यांनी त्या परिषदेसाठी जिवाचे रान केले. मराठवाड्यातल्या आपल्या चळवळीची सुरुवात म्हणून आजही ३० डिसेंबरला लोक मक्रणपूरला जमतात.

औरंगाबादचा उर्दू वक्ता

श्यामसुंदर यांचा जन्म २१ डिसेंबर १९०८ रोजी औरंगाबादला झाला. आज त्या शहराचे नाव छत्रपती संभाजीनगर आहे. ते माला समाजातले, म्हणजे तेलुगू मुलखातल्या अस्पृश्य जातीचे. पण वाढले मराठी मुलखात. पुढे हैदराबादच्या उस्मानिया विद्यापीठात शिकले. त्या विद्यापीठात शिक्षण उर्दूतून चाले. श्यामसुंदर यांनी ती भाषा अशी आत्मसात केली की मोठमोठे मुसलमान नवाबही त्यांचे भाषण ऐकायला थांबत. अस्पृश्याच्या पोराने दरबारी भाषेत दरबाराला सुनवावे, ही त्या काळी साधी गोष्ट नव्हती.

हैदराबादेत तेव्हा बी. एस. व्यंकटराव हे अस्पृश्यांचे मोठे पुढारी होते. लोक त्यांना 'हैदराबादचे आंबेडकर' म्हणत. त्यांच्या डिप्रेस्ड क्लासेस असोसिएशनमध्ये श्यामसुंदर दुसऱ्या फळीतून पहिल्या फळीत आले. याच संस्थानात दुसरीही संघटना होती. ती बाबासाहेबांच्या शेड्यूल्ड कास्ट्स फेडरेशनची. तिचे पुढारी जे. एच. सुबय्या. १९४४ च्या सप्टेंबरात बाबासाहेब हैदराबादला आले तेव्हा ही फूट उघड झालेली होती. एकाच दुःखाची माणसे, पण दोन झेंडे. आपल्या चळवळीला हा रोग आजचा नाही, वाचकहो!

निजामाकडे का वळले?

आज आपण सहज म्हणतो की निजाम जुलमी होता, मग आपले पुढारी त्याच्याकडे गेलेच कसे? पण त्या काळच्या माणसाच्या जागी उभे राहून पाहिले पाहिजे. गावात पाणी कोण भरू देत नव्हते? देवळाच्या पायरीवरून कोण हाकलत होते? वेठ कोण घेत होते? निजाम नव्हे, गावातला सवर्ण हिंदू. उलट निजामाच्या सरकारने काही शिष्यवृत्त्या दिल्या, काही ठिकाणी पडीक जमिनी कसायला दिल्या, अस्पृश्यांना विधिमंडळात जागा दिल्या. श्यामसुंदर त्या विधिमंडळाच्या उपाध्यक्षपदापर्यंत पोहोचले. गावात ज्याची सावली नको होती तो माणूस विधिमंडळ चालवू लागला.

श्यामसुंदर यांचे म्हणणे सरळ होते. आम्ही हिंदू नाही. उद्या इंग्रज गेल्यावर हैदराबाद भारतात गेले तर सत्ता गावातल्या देशमुखांच्याच हाती जाईल. त्यापेक्षा अल्पसंख्य मुसलमानांशी हात मिळवू आणि आपला वाटा मागून घेऊ. या म्हणण्यात खोट नव्हती असे आम्ही म्हणत नाही. पण त्यात केवळ स्वार्थ होता असेही म्हणता येणार नाही.

खोट कुठे होती ते बाबासाहेबांनी वेळेवर सांगितले होते. २७ नोव्हेंबर १९४७ रोजी त्यांनी एक पत्रक काढले. पाकिस्तानात अडकलेल्या अस्पृश्यांनी भारतात निघून यावे, असे त्यात सांगितले. आणि हैदराबादच्या अस्पृश्यांना बजावले की काही झाले तरी निजामाची व इत्तेहादुल मुसलमीनची बाजू घेऊ नका. हिंदू आपल्याला छळतात एवढ्यावरून मुसलमान आपले मित्र ठरत नाहीत, हा त्या पत्रकाचा मथितार्थ. ज्याने हिंदू धर्माविरुद्ध सारे आयुष्य लढा दिला, ज्याने हिंदू म्हणून मरणार नाही अशी घोषणा केली, तो माणूस हे सांगत होता. त्यांना निजामाचे सिंहासन हलताना दिसत होते. बुडत्या नावेत आपली गरीब माणसे बसू नयेत, ही त्यांची काळजी होती.

एक मंत्री बाहेर पडला

ती काळजी हैदराबादेतल्या पुढाऱ्यांनी मानली नाही. १९४७ च्या अखेरीस मीर लायकअली संस्थानाचे पंतप्रधान झाले. त्यांच्या मंत्रिमंडळात व्यंकटराव मंत्री झाले आणि शिक्षण खाते त्यांच्याकडे आले. बाहेर कासीम रझवीच्या रझाकारांनी थैमान घातले होते. परभणी आणि नांदेड हे दोन जिल्हे त्यात होरपळून निघाले.

याच मंत्रिमंडळात जे. व्ही. जोशी नावाचे एक मंत्री होते. त्यांनी १९४८ मध्ये राजीनामा दिला. परभणी व नांदेड जिल्ह्यांत दहशतीचे राज्य चालले आहे, लोहा गावाची राखरांगोळी आपण डोळ्यांनी पाहिली, असे त्यांनी आपल्या राजीनाम्यात नोंदवले. लोहा म्हणजे आपल्या गंगाखेडच्या शेजारचा मुलूख. जोशी बाहेर पडले. व्यंकटराव आत राहिले. हे लिहिताना आम्हाला आनंद होत नाही. पण आपल्या माणसाची चूक झाकायची आणि दुसऱ्याची उघडी पाडायची, ही रीत बाबासाहेबांनी आपल्याला शिकवलेली नाही.

पॅरिस आणि परभणी

१९४८ च्या ऑगस्टमध्ये निजाम सरकारने संयुक्त राष्ट्रसंघाच्या सुरक्षा परिषदेकडे भारताविरुद्ध तक्रार केली. ती मांडण्यासाठी जे शिष्टमंडळ गेले त्याचे प्रमुख होते नवाब मोईन नवाज जंग. त्या शिष्टमंडळात श्यामसुंदर होते. सुरक्षा परिषदेची बैठक पॅरिसला होती. मराठवाड्यात जन्मलेला अस्पृश्य समाजाचा मुलगा जगाच्या पंचायतीत जाऊन पोहोचला! दुसऱ्या कोणत्या कामासाठी तो गेला असता तर आज त्याचे पुतळे उभे राहिले असते.

आता तारखा नीट पाहा. १३ सप्टेंबरला भारतीय फौजा संस्थानात शिरल्या. १६ सप्टेंबरला पॅरिसला हैदराबादचा प्रश्न परिषदेपुढे आला. १७ सप्टेंबरला निजामाने शरणागती जाहीर केली. आणि आठवडाभराच्या आत त्याने तक्रार मागे घेत असल्याची तारही करून टाकली. ज्या राजासाठी श्यामसुंदर सातासमुद्रापार गेले, त्याने त्यांना तिथेच वाऱ्यावर सोडले. निजामाचे पुढे काय झाले? तो राजप्रमुख झाला. त्याचे वाडे, त्याची दौलत, त्याचा मान बहुतेक तसाच राहिला.

वाऱ्यावर खरी सुटली ती खेड्यातली माणसे. फौजा आल्यावर मराठवाड्यात सूडाची लाट उसळली. पंडित सुंदरलाल यांच्या समितीने केंद्र सरकारला दिलेल्या अहवालात उस्मानाबाद, नांदेड, बीदर आणि गुलबर्गा हे चार जिल्हे सर्वांत जास्त पोळलेले म्हणून सांगितले. हजारो मुसलमान मारले गेले. त्यांतले बहुतेक ना रझाकार होते ना जहागीरदार. विणकर, मजूर, छोटे शेतकरी होते. आणि त्या लाटेत आपली घरेही सुटली नाहीत. 'तुम्ही रझाकारांना सामील होता' हा एक शब्द पुरे झाला. कुठे झोपड्या पेटल्या, कुठे निजामाच्या काळात मिळालेली पडीक जमीन काढून घेतली गेली, कुठे कसलेल्या गायरानातले उभे पीक गेले. ज्याने रझाकाराचे तोंडही पाहिले नव्हते त्या म्हाताऱ्यालाही हा शिक्का चुकला नाही.

आम्हाला इथेच थांबून वाचकांना एक गोष्ट सांगावीशी वाटते. पुढारी जेव्हा साऱ्या समाजाच्या नावाने एखाद्या सत्तेशी हातमिळवणी करतो, तेव्हा त्या कागदावर सही एकट्याची असते. पण वसुली मात्र साऱ्या वस्तीकडून होते. राणीसावरगावसारख्या गावात राहणाऱ्या माणसाला पॅरिस कुठे आहे हेही ठाऊक नव्हते. पण पॅरिसला काय झाले याचा जाब त्याला गावच्या चावडीवर द्यावा लागत होता.

एक कोटीचा निधी

एवढ्यावरच हा लेख संपवला असता तर तो अर्धाच हिशेब झाला असता. खर्चाची बाजू पाहिली, आता जमेची बाजू पाहू.

निजामाच्या त्या शेवटच्या काळात व्यंकटराव, श्यामसुंदर यांच्या मंडळींनी सरकारकडून एक गोष्ट पदरात पाडून घेतली. अस्पृश्यांच्या शिक्षणासाठी एक कोटी रुपयांचा स्वतंत्र निधी. त्या काळचे एक कोटी! ज्या संस्थानात शेतमजुराला दिवसाकाठी काही आणे मिळत, तिथे अस्पृश्य मुलांच्या पाटी-पुस्तकासाठी एक कोटी बाजूला काढले गेले. निजाम गेला, लायकअली नजरकैदेतून निसटून पाकिस्तानात गेला, मंत्रिमंडळ विरले. निधी मात्र राहिला.

आणि पुढे काय झाले ते ऐका. बाबासाहेबांच्या मनात मराठवाड्यात महाविद्यालय काढायचे होते. साऱ्या मराठवाड्यात तेव्हा उच्च शिक्षणाची सोय नव्हती. पदवी घ्यायची तर हैदराबादला जा. गरिबाच्या पोराला ते कुठून जमणार? पीपल्स एज्युकेशन सोसायटीने १९५० च्या जूनमध्ये औरंगाबादला महाविद्यालय सुरू केले. १ सप्टेंबर १९५१ रोजी राष्ट्रपती डॉ. राजेंद्रप्रसाद यांच्या हस्ते इमारतीची कोनशिला बसली. पुढे त्यालाच मिलिंद महाविद्यालय हे नाव मिळाले. नागसेनवनातल्या या उभारणीसाठी सोसायटीला जे कर्ज मिळाले ते हैदराबाद सरकारकडच्या याच निधीतून.

म्हणजे ज्या पुढाऱ्यांनी बाबासाहेबांचा सल्ला मानला नाही, त्यांनी मिळवलेल्या पैशातूनच बाबासाहेबांनी आपल्या लेकरांसाठी महाविद्यालय उभे केले. परभणी, नांदेड, बीडकडची किती मुले पत्र्याची पेटी डोक्यावर घेऊन औरंगाबादच्या स्टेशनवर उतरली असतील! वसतिगृहात राहून, प्रसंगी अर्धपोटी राहून शिकली. कुणी मास्तर झाले, कुणी वकील, कुणी तहसीलदार, कुणी कवी. आज तुमच्या घरात जर आजोबा मिलिंदचे विद्यार्थी असतील तर त्यांना जरूर विचारा. त्या शिक्षणाच्या पायाखालच्या विटांपैकी एक वीट हैदराबादच्या या विसरलेल्या माणसांची आहे.

विरोधकाने जमवलेले धन समाजाचे असेल तर ते समाजाच्या कामी लावायचे, त्यात मानापमान आणायचा नाही, हे बाबासाहेबांचे मोठेपण. १९५३ च्या जानेवारीत उस्मानिया विद्यापीठाने बाबासाहेबांना सन्मानाची डॉक्टरेट दिली. ज्या विद्यापीठात श्यामसुंदर घडले तेच हे विद्यापीठ.

पुढचे श्यामसुंदर

व्यंकटराव १९५२ मध्ये राज्यसभेवर गेले आणि १९५३ मध्ये वारले. श्यामसुंदर यांना पुढे बावीस वर्षे मिळाली. १ नोव्हेंबर १९५६ रोजी हैदराबाद राज्याचे तीन तुकडे झाले. मराठवाडा मुंबई राज्यात, तेलंगण आंध्रात आणि बीदर, गुलबर्गा, रायचूर म्हैसुरात. श्यामसुंदर यांनी म्हैसूरच्या बाजूला आपले कार्यक्षेत्र ठेवले. भालकी मतदारसंघातून ते विधानसभेवर निवडूनही गेले.

स्वभाव मात्र बदलला नाही. आम्ही मूळ भारतीय आहोत, ही त्यांची घोषणा त्यांनी शेवटपर्यंत सोडली नाही. दलितांनी व मुसलमानांनी एकत्र यावे, हेही सोडले नाही. १९६८ मध्ये त्यांनी गुलबर्ग्याला, म्हणजे आजच्या कलबुर्गीला, भीमसेना काढली. खेड्यात दलितांवर अत्याचार झाला तर अर्ज-विनंत्या करत बसायचे नाही, स्वतःचे रक्षण स्वतः करायचे, असा तिचा बाणा. मुंबईत दलित पँथर निघाली १९७२ मध्ये. त्याच्या चार वर्षे आधी मराठवाड्याच्या सीमेवर हा माणूस तीच भाषा बोलत होता. १९ मे १९७५ रोजी त्यांचे निधन झाले.

ते गेल्यावर तीनच वर्षांनी, १९७८ मध्ये, मराठवाडा विद्यापीठाच्या नामांतराच्या ठरावावरून मराठवाडा पेटला. परभणी जिल्ह्यातही आपल्या वस्त्या जळाल्या. १४ जानेवारी १९९४ रोजी नामविस्तार झाला तोवर सोळा वर्षे गेली. गावातला देशमुख सत्तेवर आला तर काय होईल, ही श्यामसुंदर यांची १९४७ ची भीती अगदीच खोटी नव्हती, असे त्या दिवसांत अनेकांच्या मनात आले असेल. पण भीती खरी असली म्हणून तिच्यावरचा उपाय बरोबर ठरत नाही. घराला आग लागेल म्हणून कोणी शेजारच्या पडक्या वाड्यात संसार मांडत नाही.

दुसरी वाट

आणि उपाय दुसरा होता, हे मराठवाड्यातल्याच लोकांनी दाखवून दिले. १९४८ च्या शिक्क्यानंतर आपली माणसे तोंड लपवून बसली नाहीत. १९५३ मध्ये भूमिहीनांच्या जमिनीसाठी मराठवाड्यात सत्याग्रह झाला. आयाबायांनी कडेवर पोरे घेऊन तुरुंग गाठला. १९५७ च्या निवडणुकीत आपल्या शेजारच्या नांदेडमधून शेड्यूल्ड कास्ट्स फेडरेशनचे हरिहरराव सोनुले लोकसभेवर निवडून गेले. पोलिस कारवाईला तेव्हा पुरी नऊ वर्षेही झाली नव्हती. पुढे १९६४-६५ मध्ये कर्मवीर दादासाहेब गायकवाडांच्या नेतृत्वाखाली देशभर भूमिहीनांचा सत्याग्रह झाला तेव्हाही मराठवाडा मागे राहिला नाही. राजाच्या मेहेरबानीने मिळालेली जमीन राजाबरोबर गेली. लढून मिळवलेली जमीन टिकली, निदान तिच्यावर हक्क सांगता येऊ लागला.

हा फरक आम्हाला फार मोलाचा वाटतो. श्यामसुंदर हुशार होते, निर्भय होते, समाजासाठी तळमळत होते. यांपैकी काहीच कमी नव्हते. कमी होती ती एकच गोष्ट. निर्णय घेताना त्यांनी खेड्यातल्या शेवटच्या घराला विचारले नाही. त्या घराचे काय होईल हे बाबासाहेबांनी आधी पाहिले आणि मग पत्रक काढले.

आजोबांनी काय सांगावे?

आता त्या मुलीच्या प्रश्नाकडे परत येऊ. तेव्हा आपली माणसे कुणाच्या बाजूला होती?

आम्हाला वाटते, आजोबांनी खरे तेच सांगावे. सांगावे की बाळ, आपल्यातले काही निजामाकडे होते, काही बाबासाहेबांबरोबर होते, आणि पुष्कळसे कुणाच्याच बाजूला नव्हते. ते वेठ करत होते. ज्यांनी चुकीची वाट धरली त्यांची चूक सांगावी. त्यांनी ठेवलेला निधीही सांगावा. सूडात आपल्या मुसलमान शेजाऱ्यांचे आणि आपले काय झाले तेही सांगावे. लाजण्याचे कारण नाही. ज्या समाजाला आपल्या पुढाऱ्यांचा जमाखर्च मांडता येतो तो समाज पुन्हा फसत नाही.

आजही निवडणूक आली की आपल्या वस्तीत गाड्या येतात. कुणी म्हणतो, आमच्याबरोबर चला, ते तुमचे शत्रू आहेत. कुणी म्हणतो, साऱ्या समाजाचा पाठिंबा मी यांना जाहीर केला आहे. अशा वेळी घरातल्या कर्त्या बाईने आणि बाप्याने दोनच प्रश्न विचारावेत. आम्हाला विचारून केलेत का? आणि उद्या हे राज्य गेले तर आमच्या मुलांच्या हाती काय उरेल?

श्यामसुंदर यांच्या पिढीला पहिल्या प्रश्नाचे उत्तर देता आले नसते. दुसऱ्याचे मात्र त्यांनी एक चांगले उत्तर मागे ठेवले आहे. ते नागसेनवनात आजही उभे आहे, आणि दर वर्षी जून-जुलै महिन्यात आपली नवी मुले तिथे प्रवेशासाठी रांगेत उभी राहतात.